जे निघालेच नाहीत, त्यांची मोजणी

दोन वर्षांपूर्वी, पावसाळा नुकताच संपला होता तेव्हाची गोष्ट. भिवंडीत कल्याण नाक्याजवळ सकाळी सातच्या सुमारास एक पोरगा प्लास्टिकच्या खुर्चीवर बसला होता. मांडीवर पॅड, पॅडला छापील तक्ता. दुचाकी, रिक्षा, कार, बस, टेम्पो, ट्रक असे रकाने. गाडी गेली की तो रेघ मारायचा. चार उभ्या, पाचवी आडवी. आपण लहानपणी गोट्यांचा हिशेब ठेवायचो तसा.

मला शाळेत जायला रिक्षा मिळत नव्हती, म्हणून मी त्याच्याच शेजारी उभी होते. मास्तरकीची सवय, गप्प बसवत नाही. विचारलं, "कसली मोजणी चाललीय बेटा?"

"ट्रॅफिक सर्व्हे आहे मॅडम. पुढे रस्त्याचं प्लॅनिंग होणार आहे."

"मग मला मोजलंस का?"

"तुम्ही अजून गेलाय कुठे? गेलात की रिक्षाच्या रकान्यात येईल."

"आणि हे पायी जाणारे?" समोरून रात्रपाळी संपवून लूमवाले कामगार घोळक्यानं चालले होते, कपड्यांवर कापसाची भुकटी, डोळे तांबारलेले.

"पायी जाणाऱ्यांना रकाना नाही मॅडम."

त्यात त्या पोराचा काहीच दोष नव्हता. त्याला जो कागद दिला होता तो तो भरत होता. पण त्या दिवसापासून हा रकाना माझ्या डोक्यात बसला आहे.

आता तुम्ही म्हणाल, उर्दू शाळेत मराठी शिकवणाऱ्या बाईला वाहतूक नियोजनाशी काय देणंघेणं? सांगते. माझ्या वर्गात दरवर्षी साठ-पासष्ट मुली असतात. दहावीनंतर, बारावीनंतर त्या कुठे जातात हे मी वीस वर्षं बघते आहे. आणि माझ्या लक्षात आलं आहे की मुलीचे गुण, घरची कमाई, बापाचा स्वभाव या तीन गोष्टींइतकीच चौथी गोष्ट तिचं नशीब ठरवते. घरापासून कॉलेजपर्यंतची वाट. पहिल्या तिन्हींवर आपण भाषणं देतो. चौथीवर कुणीच बोलत नाही, कारण ती 'इंजिनिअर लोकांची' बाब आहे असं आपण धरून चाललो आहोत.

म्हणून मी थोडं वाचलं. समजलं ते माझ्या शब्दांत मांडते.

उद्या कुठल्या रस्त्यावर किती लोक येतील याचा अंदाज बांधण्याची एक ठरलेली रीत आहे. ती १९५० च्या दशकात अमेरिकेत, डेट्रॉइट आणि शिकागो या शहरांच्या अभ्यासातून घडली आणि थोड्याफार फरकानं आजही जगभर चालते. रीत चार पायऱ्यांची. शहराचे तुकडे पाडायचे. प्रत्येक तुकड्यातून रोज किती फेऱ्या निघतील ते ठरवायचं, मग त्या कुठे जातील, कशानं जातील आणि शेवटी कुठल्या रस्त्यानं जातील. ऐकायला सरळ आहे. पण पहिल्या पायरीवरच प्रश्न उभा राहतो. किती फेऱ्या 'निघतील' हे कशावरून ठरवायचं? तर आज किती निघतात त्यावरून. लोकसंख्या वाढेल, नोकऱ्या वाढतील, गाड्या वाढतील, त्या प्रमाणात फेऱ्या वाढतील. म्हणजे आज जो घराबाहेर पडतो त्याची उद्या सोय होईल. आज जो पडूच शकत नाही, तो उद्याच्या हिशेबातही नसेल.

या शास्त्रात 'मागणी' हा शब्द वापरतात. प्रवासाची मागणी. भाषा शिकवणारी असल्यामुळे मी या शब्दावर अडखळले. मराठीत मागणी म्हणजे तोंड उघडून मागणं. मोर्चाची मागणी असते, मुलीला मागणी घालतात. उर्दूत अर्थशास्त्राच्या पुस्तकांत मागणी-पुरवठ्याला 'तलब व रसद' म्हणतात. तलब म्हणजे ओढ, हवंसं वाटणं. आपली चहाची तलफ असते ना, तिच्या जवळचा अर्थ. तलब मनात असू शकते, ती तोंडानं मागितलेली असेलच असं नाही. मला वाटतं आपल्या शहरांचं नियोजन मागणी मोजतं, तलब मोजत नाही. आणि खरं सांगायचं तर ते मागणीही मोजत नाही, फक्त खप मोजतं. दुकानात साखरच नसेल तर खप शून्य दिसेल, त्यावरून गावाला साखर नको आहे असा निष्कर्ष कुणी काढेल का?

पण वाहतुकीत तो काढला जातो. वसई-दिवा मार्गावर आमचं भिवंडी रोड स्थानक आहे. दिवसाला मोजक्या मेमू गाड्या थांबतात. एक चुकली तर दुसरीसाठी किती वेळ बसायचं याचा नेम नाही, म्हणून नोकरीवाला माणूस तिच्या भरवशावर राहत नाही. मग प्रवासी कमी दिसतात. प्रवासी कमी म्हणून गाड्या कमी. २०११ च्या जनगणनेत ज्या शहराची लोकसंख्या सात लाखांच्या वर होती, त्या शहराच्या रेल्वे स्थानकाची ही अवस्था. ठाणे तिथून हाकेच्या अंतरावर, आणि आम्ही ठाण्याला जातो कसे? नारपोली, अंजूरफाटा, पूर्णा, काल्हेर, कशेळी, बाळकूम, कापूरबावडी. शेअर रिक्षात चौथ्या सीटवर अर्धं अंग बाहेर काढून, दोन्ही बाजूंना गोदामांकडे वळणाऱ्या कंटेनरांच्या मधून. एसटी आहे, ठाण्याची बस आहे, पण ती किती वाजता येईल आणि आल्यावर तिच्यात पाय ठेवायला जागा असेल का, हे त्या दिवशीच्या नशिबावर.

मी जिच्याबद्दल लिहायला बसले आहे ती मुलगी माझी विद्यार्थिनी. नाव लिहीत नाही, तिची परवानगी घेतलेली नाही. दहावीत उर्दू माध्यमातून शाळेत पहिली, बारावी विज्ञान उत्तम गुणांनी. इंजिनिअरिंगच्या यादीत ठाण्यातल्या एका कॉलेजात तिचं नाव लागलं. पेढे घेऊन घरी आली होती. आठ दिवसांनी पुन्हा आली, या वेळी एकटीच. "मिस, अब्बा म्हणतात जाऊ नकोस."

मी त्यांच्या घरी गेले. वडील शिवणकाम करतात, चांगला माणूस, मुलींना शिकवायचं याबद्दल त्यांच्या मनात कधी किंतु नव्हता. फीची सवलत बसत होती. माझ्यासमोर त्यांनी बोटांवर हिशेब मांडला. "मॅडम, कॉलेज सुटतं साडेपाचला. ती कापूरबावडीला येईल सहाला. बस मिळाली तर ठीक, नाहीतर रिक्षा. काल्हेरला जाम असतो. थंडीत सहाला अंधार पडतो. ती रोज आठ-साडेआठला नाक्यावर उतरणार, तिथून अजून एक रिक्षा. मी रोज घ्यायला जाऊ तर माझी मशीन बंद. चार वर्षं कसं करू?" त्यांनी जमान्याला शिव्या दिल्या नाहीत, मजहबची गोष्ट काढली नाही. नुसतं वेळापत्रक सांगितलं. माझ्याकडे उत्तर नव्हतं. त्या मुलीनं भिवंडीतच बीएस्सी केलं. भिवंडीत मुलींचं कॉलेज आहे, चांगलं आहे, त्यानं आमच्या दोन पिढ्या घडवल्या. पण तिला जे शिकायचं होतं ते तिथे नव्हतं. आता ती घरी शिकवण्या घेते.

कल्याण नाक्यावरच्या त्या पोराच्या तक्त्यात ही मुलगी कुठल्या रकान्यात येईल?

ती एकटी नाही, आणि हे फक्त आमच्या मोहल्ल्याचं दुखणं नाही हेही मला वाचताना कळलं. गिरिजा बोरकर या अर्थशास्त्रज्ञ बाईंनी दिल्ली विद्यापीठातल्या विद्यार्थ्यांचा अभ्यास केला. घरापासून कॉलेजपर्यंतचा रस्ता सुरक्षित असावा म्हणून मुली आपल्या गुणांना मिळू शकणारं वरचं कॉलेज सोडून खालच्या दर्जाचं कॉलेज निवडतात, आणि मुलं असं फारसं करत नाहीत, हे त्यांनी आकड्यांनिशी दाखवलं. दिल्लीत, जिथे मेट्रो आहे, बस आहे, तिथे. हे वाचून मला आनंद झाला म्हणणं चूक ठरेल, पण एक प्रकारची सुटका वाटली. इतकी वर्षं आमच्या मुली मागे राहिल्या की लोक आमच्या घरांकडे बोट दाखवत आले. रस्त्याकडेही बोट दाखवता येतं, हे कुणीतरी सिद्ध करून ठेवलं होतं.

उलट बाजूचा पुरावाही आहे. बिहार सरकारनं २००६ पासून नववीत जाणाऱ्या मुलींना सायकली दिल्या. कार्तिक मुरलीधरन आणि निशित प्रकाश यांच्या अभ्यासात त्या योजनेमुळे माध्यमिक शाळेतला मुलींचा प्रवेश ३२ टक्क्यांनी वाढल्याचं आढळलं. सायकल येण्याआधी त्या वाटेवर कुणी मोजणीला बसलं असतं तर म्हणाला असता, इथे मुलींच्या प्रवासाची मागणी नाही.

आपल्याकडे बेस्टचं उदाहरण घ्या. मुंबईत लोक बस सोडून चालले आहेत, बसला भविष्य नाही, असं किती वर्षं ऐकत होतो. रोजचे प्रवासी वीस लाखांच्या आसपास घसरले होते. ९ जुलै २०१९ ला बेस्टनं किमान भाडं पाच रुपये केलं आणि काही महिन्यांत प्रवासी तीस लाखांच्या घरात गेले. ही माणसं कुठून आली? काही शेअर टॅक्सी-रिक्षातून आली, काही पायी जात होती, आणि काही, माझी खात्री आहे, आधी निघतच नव्हती. पुढे बेस्टच्या स्वतःच्या गाड्या कमी होत गेल्या, थांब्यांवरच्या रांगा लांबल्या आणि ९ मे २०२५ पासून किमान भाडं दहा रुपये झालं. तलब जागी करायची आणि मग रसद काढून घ्यायची, याला काय म्हणावं?

एसटीचंही तसंच. १७ मार्च २०२३ पासून बायकांना अर्धं तिकीट झालं. माझ्या नणंदेची सासू, वय पासष्ट, जुन्नरकडची. आयुष्यात माहेरी गेली ती कुणाच्या लग्नाला नाहीतर मौतीला. त्या वर्षी ती तीन वेळा नुसतीच जाऊन आली. "असंच, भावाला बघायला." कुठल्याही अंदाजपत्रकात 'असंच भावाला बघायला' हा प्रवासाचा हेतू नसतो. तिथे हेतू असतात काम, शिक्षण, खरेदी, इतर.

या 'इतर' मध्ये बायकांचं अर्धं आयुष्य आहे. माझाच दिवस घ्या. सकाळी धाकट्याला त्याच्या शाळेत सोडते, मग माझी शाळा. सुटल्यावर अम्मीची औषधं, मग भाजी, मग थोरलीला क्लासमधून घेऊन घरी. एका दिवसात पाच-सहा तुकडे, आणि त्यातले निम्मे पायी. माझ्या नवऱ्याचा प्रवास दोन रेघांचा, घर ते ऑफिस, ऑफिस ते घर. नियोजनाची रीत त्याच्यासाठी बनली आहे. २०११ च्या जनगणनेनं लोकांना विचारलं की कामावर किती लांब आणि कशानं जाता. चांगलं केलं. पण तो प्रश्न नोकरी-धंदा करणाऱ्यांनाच होता. शेतात राबणाऱ्यांना नाही, घरगुती उद्योगवाल्यांना नाही, विद्यार्थ्यांना नाही, घर सांभाळणाऱ्या बायकांना तर नाहीच. २०२१ ची जनगणना लांबली, आता ती २०२७ ला व्हायची आहे.

घरोघरी जाऊनही पाहणी करतात, नाही असं नाही. आमच्या इमारतीत एकदा असा पाहणीवाला आला होता. शेजारच्या घरात त्यानं विचारलं, घरात कोण कोण, रोज कुठे जातात? दरवाजात घरमालक उभे. मुलगा गोदामात जातो, मी दुकानात जातो. "आणि बाई?" "ती घरीच असते." ती बिचारी त्या वेळी मुलाला आणायला मदरशात गेली होती, तिथून पिठाच्या गिरणीत जाणार होती. कागदावर 'घरीच' अशी नोंद झाली.

तर असा अंदाज बांधायचा आणि त्यावर हजारो कोटींचे निर्णय घ्यायचे. ते अंदाज तरी बरोबर निघतात का? बेंट फ्लिव्बर्ग नावाच्या डॅनिश प्राध्यापकानं आणि त्याच्या सहकाऱ्यांनी १४ देशांतल्या २१० प्रकल्पांचे आधीचे अंदाज आणि नंतरचे प्रत्यक्ष आकडे ताडून पाहिले. २००५ मध्ये ते छापून आलं. दहापैकी नऊ रेल्वे प्रकल्पांत प्रवाशांचा अंदाज फुगवलेला निघाला, आणि सरासरी फुगवटा शंभर टक्क्यांच्या वर, म्हणजे कागदावर दोन तर गाडीत एक. त्यांचं म्हणणं असं की ही सगळी अजाणता झालेली चूक नाही. प्रकल्प मंजूर व्हायचा असेल तर आकडा मोठा लागतो, म्हणून तो मोठा येतो. आपल्याला दूर जायला नको. मुंबईच्या मोनोरेलचं उद्घाटन २०१४ च्या फेब्रुवारीत झालं, २०१९ मध्ये ती जेकब सर्कलपर्यंत नेली. अंदाज लाखाच्या पुढचा होता, बसले वीस हजारांच्या मागेपुढे. सप्टेंबर २०२५ मध्ये गाडी थांबवली.

सगळेच अंदाज खोटे असतात असं मात्र नाही, आणि मला ही गोष्ट फार आवडते म्हणून सांगते. अमेरिकेत सॅन फ्रान्सिस्कोच्या परिसरात १९७२ मध्ये बार्ट नावाची रेल्वे सुरू झाली. अधिकृत अंदाज होता की कामावर जाणाऱ्यांपैकी १५ टक्के लोक ती वापरतील. डॅनियल मॅकफॅडन या अर्थशास्त्रज्ञानं वेगळा मार्ग धरला. तुकड्या-तुकड्यांचे ढोबळ आकडे घेण्याऐवजी त्यानं एकेक माणूस घेतला. याच्या घरापासून स्टेशन किती लांब, थांबावं किती लागेल, पैसे किती, गाडी घरी आहे का? मग हा काय निवडेल? त्याचं उत्तर आलं ६.३ टक्के. प्रत्यक्षात निघाले ६.२. पुढे २००० साली त्याला नोबेल मिळालं ते याच पद्धतीच्या कामासाठी. या पद्धतीनं एक गोष्ट पक्की झाली, जी आमच्या बायकांना बिननोबेलची ठाऊक आहे. थांब्यावर उभं राहण्याचं एक मिनिट गाडीत बसलेल्या दोन मिनिटांइतकं जड असतं. कशेळीच्या थांब्यावर, दिवे नसताना, डोक्यावर हिजाब आणि पाठीला दप्तर घेऊन उभ्या असलेल्या अठरा वर्षांच्या मुलीला ते किती मिनिटांचं असेल, ते कुणी मोजलेलं मी तरी वाचलं नाही.

आता दुसरा शब्द, 'मागणीचं व्यवस्थापन'. रस्ते वाढवत बसण्याऐवजी लोकांच्या प्रवासालाच वळण लावायचं. रस्ता रुंद केला की थोड्या वर्षांत तो पुन्हा भरतो हे जगभर दिसलं आहे, म्हणून विचार योग्यच आहे. सिंगापूरनं १९७५ मध्येच सकाळच्या वेळी शहराच्या मध्यभागात शिरणाऱ्या मोटारींना पैसे लावले. लंडननं २००३ मध्ये. स्टॉकहोमनं २००६ च्या जानेवारीपासून सात महिने नुसतं करून बघितलं, गाड्या सुमारे वीस टक्क्यांनी कमी झाल्या, मग लोकांचं मत घेतलं आणि पुढच्या वर्षी कायम केलं. तिथे मोटार वापरणाऱ्याकडून पैसे घेतात आणि सोबत बस-रेल्वे वाढवतात.

आपल्याकडे हे नाही असं म्हणतात. मला वाटतं आपल्याकडे मागणीचं व्यवस्थापन जगात सर्वांत कडक आहे, फक्त ते कुठल्या कायद्यात लिहिलेलं नाही. आपल्याकडे ते गर्दी करते. लोकलच्या डब्यात दर चौरस मीटरला चौदा ते सोळा माणसं उभी राहतात आणि रेल्वेच्या भाषेत त्याला एक नावही आहे, म्हणजे ते गृहीत धरलेलं आहे. ज्याला ते सोसवत नाही तो आपोआप गळतो. म्हातारे गळतात, गरोदर बायका गळतात, अपंग गळतात. ९ जून २०२५ ला मुंब्र्याजवळच्या वळणावर दारात लटकलेली माणसं गाडीतून पडली, चार जण त्याच दिवशी गेले. त्यानंतर दारं आपोआप बंद होणाऱ्या गाड्यांची चर्चा झाली. दारं बंद झाली तर बाहेर लटकणारे आत मावणार कुठे, हा मुंब्र्याच्या फलाटावर कुणालाही सुचणारा प्रश्न आहे. खड्डा मागणीचं व्यवस्थापन करतो, न येणारी बस करते, आणि सरतेशेवटी मुलीच्या बाबतीत बापाची काळजी करते. मोटारवाल्याला मात्र कुणी काही विचारत नाही.

पैशाशिवायही वळण लावता येतं, वेळा बदलून. मध्य रेल्वेनं नोव्हेंबर २०२३ पासून मुंबईतल्या मुख्यालयाच्या कर्मचाऱ्यांना दोन वेगळ्या वेळा दिल्या आणि बाकीच्या कार्यालयांनाही तशी विनंती केली. आणि तीनच महिन्यांनी, फेब्रुवारी २०२४ मध्ये, शासनाचा निर्णय आला की चौथीपर्यंतच्या शाळा सकाळी नऊच्या आधी भरवू नयेत. मुलांची झोप व्हावी हा हेतू. आई म्हणून मला तो पटतो. पण शिक्षक म्हणून मी हिशेब केला. आधी सातला जाणारी चिमुरडी आता नऊला, म्हणजे बरोबर ऑफिसच्या गर्दीत. दोन पाळ्यांत चालणाऱ्या आमच्यासारख्या शाळांना खोल्यांचा प्रश्न तो वेगळाच. स्कूलबसवाल्यांनीही हरकत घेतली होती. माझा मुद्दा निर्णय चूक की बरोबर हा नाही. शाळेची घंटा हे शहरातलं वाहतुकीचं एक मोठं हत्यार आहे, ते हातात असलेल्या खात्यानं वाहतुकीच्या खात्याला विचारलं असेल असं त्या निर्णयातून तरी दिसत नाही. रमजानमध्ये आम्ही उर्दू शाळांच्या वेळा दरवर्षी बदलतो. महिनाभर भिवंडीची गर्दी दिवसाकडून असरनंतरच्या वेळेकडे आणि मग रात्रीकडे सरकते, सगळं शहर ते न सांगता पाळतं. म्हणजे वेळ बदलणं अशक्य नाही.

इथे माझ्याच लोकांना एक गोष्ट विचारायला हवी, नाहीतर हा लेख अप्रामाणिक होईल. बस हे कारण आहे की बहाणा? उद्या दर दहा मिनिटांनी बस आली तर सगळे बाप मुलींना पाठवतील का?

आम्ही तीन शिक्षिकांनी हे करून पाहिलं. ज्या घरांनी 'येण्याजाण्याची सोय नाही' असं सांगून मुलींना ठाण्याला पाठवलं नव्हतं, अशा नऊ घरांत गेलो. म्हटलं, ओळखीचा व्हॅनवाला आहे, दारातून नेईल, दारात सोडेल, पैसे वाटून घ्यायचे, काही आम्ही भरू. सहा घरं त्याच आठवड्यात तयार झाली. उरलेल्या तिघांनी नवी कारणं काढली. एकानं लग्न ठरल्याचं सांगितलं, एक म्हणाले विचार करतो, आणि एका घरात मला चहा न देता वाटेला लावलं. म्हणजे बहाणा आहेच, पण नऊपैकी तीन. बाकीच्या सहा जणांना खरोखर गाडीच हवी होती. तीनसाठी मी बोलत राहीन, भांडत राहीन, ते माझं काम आहे. सहांसाठी बस लागते, ते माझं काम नाही.

व्हॅन एक वर्ष चालली. मग मेट्रोच्या कामासाठी रस्ता अरुंद झाला, फेरीला पाऊण तासाऐवजी दीड-दोन तास लागू लागले आणि व्हॅनवाल्याला परवडेना. चार मुली कशाबशा टिकल्या, दोघींनी सोडलं. ठाणे-भिवंडी-कल्याण मेट्रोचं भूमिपूजन डिसेंबर २०१८ मध्ये झालं. खांब उभे राहताना मी रोज बघते, ती यावी असं मलाही वाटतं. पण भूमिपूजनाच्या वर्षी जी मुलगी माझ्याकडे पाचवीत होती तिची बारावी होऊन गेली. त्या सगळ्या वर्षांसाठी जुन्या आग्रा रोडवर सकाळी साडेसहा ते रात्री नऊ नेमानं धावणाऱ्या बस सोडता आल्या असत्या. खांबांच्या मानानं तो खर्च चिल्लर आहे. बसचं भूमिपूजन होत नाही, ही तिची एवढीच उणीव.

व्हॅनचा हिशेब ज्या वहीत होता तिच्या मागच्या पानांवर मी आता दुसरी नोंद ठेवते. जूनमध्ये निकाल लागले की माजी विद्यार्थिनींना फोन करते. कुठे नाव लागलं होतं, कुठे प्रवेश घेतला, आणि दोन्ही वेगळे असतील तर का. तिसऱ्या रकान्यात जे उत्तर येतं ते जसंच्या तसं उतरवते. 'मामू म्हणाले लांब आहे.' 'परत यायला बस नाही.' 'पहिल्या महिन्यात गेले, मग सोडलं.' यंदा एकतीस फोन झाले, चौदा जणींच्या बाबतीत दोन्ही नावं वेगळी आहेत, आणि त्यातल्या अकरा जणींनी येण्याजाण्याचा उल्लेख केला. हा काही शास्त्रशुद्ध अभ्यास नाही, एका बाईची वही आहे. ती घेऊन मी एका कार्यालयात गेले होते. साहेब सभ्य होते, पानं उलटून पाहिली, म्हणाले, "मॅडम, हा डेटा आमच्या फॉरमॅटमध्ये बसत नाही." त्यांच्या फॉरमॅटचा एक कोरा कागद मी मागून आणला आहे. त्यात नवीन रकाना कुठे बसेल ते सुट्टीत बघणार आहे.

हा लेख वाचणाऱ्यांत कुणी मालेगावला, मुंब्र्याला, औरंगाबादला, परभणीला शिकवत असेल तर त्यांना एक विनंती. माध्यम उर्दू असो, मराठी असो, तुमच्याही शाळेतून गेलेल्या मुलींना या जूनमध्ये हे तीन प्रश्न विचारा आणि उत्तरं मला पाठवा. वही लहान आहे, पण पानं अजून शिल्लक आहेत.